नांदायला ये, असं इंग्रजीत कसं म्हणतात?

गेल्या पावसाळ्यात बोईसरच्या आमच्या केंद्रात एक बाई आली. वय सव्वीस-सत्तावीस. तारापूर एमआयडीसीतल्या एका औषध कंपनीत ठेकेदाराकडून पॅकिंगला जाते. फर्स्ट शिफ्ट संपवून तशीच आली होती. प्लास्टिकच्या पिशवीत चार घड्या घातलेलं पाकीट होतं, ते तिनं टेबलावर ठेवलं आणि दाराकडे बघून हळूच विचारलं, "ताई, यात माझ्यावर घाण आरोप केलाय ना?"

पाकिटात कोर्टाचं समन्स आणि नवऱ्याच्या वकिलानं केलेला अर्ज होता, सगळा इंग्रजीत. आदल्या दिवशी तिनं तो लाइनवरच्या सुपरवायझरला दाखवला होता. त्याला वरच्या ओळीतला 'रेस्टिट्यूशन' हा शब्द कळला नाही, पण त्याच्यासारखाच वाजणारा एक शब्द त्याला माहीत होता. तो म्हणाला, "धंदा करते असं लिहिलंय बहुतेक." त्या रात्री ती झोपली नाही. सकाळी कामावर गेली तेव्हा आजूबाजूच्या बायका आपल्याकडेच बघताहेत असं तिला वाटत होतं. आणि बघतही असतील, कारण सुपरवायझरनं ही गोष्ट स्वतःपाशी ठेवली असेल असं मला वाटत नाही.

अर्ज हिंदू विवाह कायद्याच्या कलम ९ खालचा होता, 'रेस्टिट्यूशन ऑफ कॉन्ज्युगल राइट्स'चा. मी तिला म्हटलं, "यात एवढंच लिहिलंय की बायकोनं नांदायला यावं." ती माझ्याकडे बघतच राहिली. मग म्हणाली, "एवढंच? मग तसं लिहायचं की! आणि हाकललं कोणी मला?"

मैत्रिणींनो, या शब्दाविषयी आणि त्याच्यासारख्या आणखी काही शब्दांविषयी मला लिहायचं आहे. अवघड, क्वचित कानावर पडणारे इंग्रजी शब्द आणि त्यांचे अर्थ हा शिकलेल्यांच्या घरात कौतुकाचा विषय असतो. मुलं ते पाठ करतात, स्पर्धा जिंकतात. आमच्याकडे येणाऱ्या बाईच्या आयुष्यात असा शब्द पहिल्यांदा येतो तो बेलिफाच्या हातून, आणि त्याचा अर्थ तिला सांगतो तो बहुधा एखादा पुरुष, स्वतःच्या समजुतीप्रमाणे.

'कॉन्ज्युगल राइट्स' हे शब्द आपल्याकडे आले कुठून? इंग्लंडमधल्या चर्चच्या न्यायालयांतून. मराठी बाईचा या शब्दांशी सामना झाला त्याला आता एकशे चाळीस वर्षं झाली. रखमाबाईंचं लग्न अकराव्या वर्षी लावून दिलं होतं. मोठी झाल्यावर त्यांनी दादाजी भिकाजींकडे नांदायला जायला नकार दिला, आणि १८८४ साली दादाजींनी मुंबई उच्च न्यायालयात दावा लावला. १८८५ मध्ये न्यायमूर्ती पिन्ही यांनी दावा फेटाळताना एक गोष्ट स्पष्ट सांगितली की अशा प्रकारचा दावा हिंदू कायद्यातला नाही, तो इंग्लंडमधून आणलेला आहे. म्हणजे ज्याला 'आपला धर्म, आपली रीत' म्हणून सनातनी मंडळी छातीठोकपणे मिरवत होती, आणि टिळकांची वृत्तपत्रं ज्याची बाजू लढवत होती, ते हत्यार परदेशी बनावटीचं होतं. पुढे अपिलात तो निकाल फिरला. १८८७ मध्ये न्यायमूर्ती फॅरन यांनी हुकूम केला की नवऱ्याकडे जा, नाहीतर सहा महिने तुरुंगात जा. रखमाबाईंनी तुरुंगात जायची तयारी दाखवली. शेवटी १८८८ मध्ये दोन हजार रुपये देऊन तडजोड झाली. त्या लंडनला गेल्या आणि डॉक्टर होऊन परत आल्या.

या गोष्टीत दोन तपशील आहेत, त्यांच्याकडे आपण पुरेसं लक्ष दिलेलं नाही असं मला वाटतं. एक म्हणजे रखमाबाई स्वतः इंग्रजीतून लढल्या. १८८५ मध्ये 'एक हिंदू स्त्री' या नावानं त्यांनी टाइम्स ऑफ इंडियात पत्रं लिहिली. ज्या भाषेत त्यांना बांधलं जात होतं, त्याच भाषेत त्यांनी उत्तर दिलं. त्यामुळे 'इंग्रजी हीच आपली शत्रू' अशी भूमिका मला घेता येत नाही.

दुसरा तपशील वर्षांचा आहे. ज्या इंग्लंडमधून हा दावा आला, तिथे तो न मानणाऱ्याला तुरुंगात टाकणं १८८४ मध्येच, म्हणजे दादाजींनी दावा लावला त्याच वर्षी, बंद झालं होतं. १९७० मध्ये तिथे हा दावाच रद्द झाला. आपल्याकडे तुरुंगाची तरतूद १९२३ मध्ये गेली, पण दावा राहिला. मे १९५५ मध्ये हिंदू विवाह कायदा लागू झाला तेव्हा तो कलम ९ म्हणून त्यात बसवला गेला. रखमाबाई तेव्हा हयात होत्या. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये, वयाच्या नव्वदीत, त्या वारल्या. ज्या शब्दांविरुद्ध त्या तरुणपणी लढल्या, ते स्वतंत्र देशाच्या कायद्यात आलेले त्यांनी पाहिले असणार.

आमच्या मंगळवारच्या बैठकीत मी 'कॉन्ज्युगल'ची फोड करून सांगितली. लॅटिनमध्ये 'जुगुम' म्हणजे बैलाच्या मानेवरचं जू. मराठीतला 'जू' आणि तो 'जुगुम' मुळात एकाच कुळातले. एकत्र जुंपलेले, ते नवरा-बायको. हे ऐकल्यावर डहाणूकडून आलेली एक म्हातारी वारली बाई म्हणाली, "जू दोन बैलांच्या मानेवर असतंय. एक बैल सुटून गावभर चरतो नि दुसऱ्याला म्हणायचं जुवात ये, अशी कुठली शेती?" कलम ९ वर मी वाचलेल्या सगळ्या लेखांपेक्षा मला हे जास्त पटलं.

आता कामाची माहिती देते, कारण असे कागद तुमच्याकडेही येत असतील. कलम ९ चा हुकूम झाला तरी पोलीस बाईला उचलून नवऱ्याच्या घरी सोडू शकत नाहीत. हुकूम पाळला नाही तर मालमत्तेवर जप्ती येऊ शकते. बहुतेकींच्या नावावर जप्त करण्यासारखं काही नसतंच. हुकूमानंतर वर्षभर दोघं एकत्र राहिले नाहीत, तर दोघांपैकी कोणालाही त्या कारणावर घटस्फोट मागता येतो. म्हणजे 'नांदायला ये' म्हणणाऱ्या कागदाचा उपयोग पुष्कळदा सोडून देण्यासाठीच होतो. त्याचा आणखी एक उपयोग म्हणजे पोटगी चुकवणं. "मी तर बोलावतोय, तीच येत नाही, मग पैसे कशाला देऊ?" या युक्तिवादावर सर्वोच्च न्यायालयानं जानेवारी २०२५ मध्ये झारखंडच्या एका बाईच्या प्रकरणात सांगितलं की असा हुकूम झाला आणि ती गेली नाही, एवढ्यावरून तिची पोटगी आपोआप बंद होत नाही. ती का गेली नाही हे बघायला हवं. हा निकाल आपल्या वकिलांना जरूर दाखवा. हेही नोंदवते की कलम ९ खाली बायकाही अर्ज करतात. ज्या बाईला माहेरी जागा नाही आणि जिला खरंच परत जायचं आहे, तिला मी नाही म्हणून सांगत नाही. पण हक्क म्हणून ते कलम कायद्यात असावं का? माझं उत्तर नाही असं आहे. १९८३ मध्ये आंध्र उच्च न्यायालयानं ते घटनाबाह्य ठरवलं होतं. पुढच्याच वर्षी सर्वोच्च न्यायालयानं ते वैध धरलं.

दुसरा शब्द 'शेअर्ड हाउसहोल्ड'. घरगुती हिंसाचाराविरुद्धच्या २००५ च्या कायद्यातला हा मध्यवर्ती शब्द. बाईला घराबाहेर काढता येणार नाही, हे संरक्षण त्याच्यावर उभं आहे. बोईसरमध्ये मात्र 'शेअरिंग' म्हणजे एका खोलीत सहा जणांनी भाडं वाटून राहणं. मी एका बाईला विचारलं, "तुमचं शेअर्ड हाउसहोल्ड कुठलं?" ती दुखावली. म्हणाली, "आम्ही शेअरिंगमध्ये नाय राहत ताई, खोली आमची एकट्याची आहे." मला हसू आलं, पण या शब्दाचा अर्थ न्यायालयांनाही कुठे एका झटक्यात कळला? डिसेंबर २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं म्हटलं की सासूच्या मालकीचं घर सुनेसाठी शेअर्ड हाउसहोल्ड होत नाही. ऑक्टोबर २०२० मध्ये तीन न्यायमूर्तींच्या पीठानं हा अर्थ चुकीचा ठरवला. मधली चौदा वर्षं शब्द तोच होता, कायदा तोच होता. अर्थ आखडता घेतल्यामुळे त्या काळात किती सुना रस्त्यावर आल्या असतील?

आता माझी स्वतःची एक चूक सांगते. एमएसडब्ल्यू होऊन नोकरीला लागले तेव्हाची. आमचं शिक्षण इंग्रजीत झालं, रिपोर्टही इंग्रजीतच लिहायची सवय. एका बाईला नवऱ्यानं रात्री मारहाण करून बाहेर काढलं होतं. मूल काखेत घेऊन ती रेल्वे स्टेशनवर बसून राहिली होती. तिची माहिती लिहिताना मी सरळ लिहून टाकलं, 'शी लेफ्ट द मॅट्रिमोनियल होम', म्हणजे तिनं सासरचं घर सोडलं. खाली तिनं सही केली, कारण ताईंनी लिहिलंय म्हणजे बरोबरच असणार. पुढे घटस्फोटाच्या दाव्यात नवऱ्याच्या वकिलानं तो कागद काढला. ती स्वतःच्या मर्जीनं घर सोडून गेली, हे तिच्याच संस्थेनं लिहून दिलंय! आणि त्यावर त्यानं 'डेझर्शन'चा मुद्दा उभा केला.

डेझर्शन हा शब्द आपल्याला सैन्यातून पळून गेलेल्या शिपायासाठी ठाऊक असतो. कायद्यात त्याचा अर्थ योग्य कारणाशिवाय आणि संमतीशिवाय जोडीदाराला टाकून जाणं. पण ज्याच्या वागण्यामुळे दुसऱ्याला घर सोडावं लागतं, टाकून देणारा तोच, हेही कायदा मानतो. दाराबाहेर पाऊल कोणी टाकलं एवढ्यावर ते ठरत नाही. मला तेव्हा हे माहीत नव्हतं. 'घर सोडलं' आणि 'घराबाहेर काढलं' यांतला फरक त्या बाईला चांगला माहीत होता. तिनं मला 'काढलं' असंच सांगितलं होतं. मी त्याचं इंग्रजी करताना तिचं क्रियापद बदललं. आमच्या वकील मैत्रिणीनं पुढे ते बरंचसं सावरून घेतलं, पण वर्ष गेलं. त्या वर्षात तिची पोटगीही लांबली. तेव्हापासून मी आधी बाईचं वाक्य तिच्या शब्दांत लिहून घेते.

शब्दाच्या अर्थासाठी भांडणं हे आपल्या चळवळीला नवं नाही. १९७२ मध्ये देसाईगंजच्या पोलीस ठाण्यात मथुरावर बलात्कार झाला. १९७८ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं पोलिसांना सोडलं, तेव्हा तिच्या अंगावर जखमा नाहीत यावरून संमतीचा अर्थ काढला गेला. १९७९ मध्ये कायद्याच्या चार अध्यापकांनी सरन्यायाधीशांना खुलं पत्र लिहिलं. भीतीनं शरण जाणं आणि संमती देणं या दोन शब्दांत अंतर आहे, हा त्या पत्राचा गाभा होता. त्या अंतरासाठी देशभर मोर्चे निघाले आणि १९८३ मध्ये कायदा बदलला.

न्यायालयं बाईला काय म्हणतात, हाही असाच प्रश्न आहे. ऑगस्ट २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं एक पुस्तिका काढली. कोणते शब्द वापरू नयेत आणि त्यांच्याऐवजी काय लिहावं, हे तिच्यात आहे. 'कॉन्क्युबाइन', 'कीप' असले शब्द त्यात सापडतात. फेब्रुवारी २०२५ मध्ये त्याच न्यायालयानं मुंबई उच्च न्यायालयाच्या २००४ च्या एका निकालातल्या भाषेवर नाराजी नोंदवली. ज्या बाईचं लग्न कायद्यानं रद्दबातल ठरतं, तिला त्या निकालात 'बेकायदा पत्नी' आणि 'एकनिष्ठ रखेल' या अर्थाचे इंग्रजी शब्द वापरले होते. पुस्तिका चांगली आहे. पण ती इंग्रजी शब्दांना पर्यायी इंग्रजी शब्द देते, आणि आपल्या पोलीस ठाण्यातल्या ठाणे अंमलदाराच्या तोंडी जे शब्द असतात ते त्याहून बरेच वेगळे असतात.

यावर कार्यकर्त्यांकडून हमखास येणारं उत्तर म्हणजे, सगळं मराठीत करा. तालुका आणि जिल्हा न्यायालयांची भाषा मराठी असल्याची अधिसूचना १९९८ मध्येच निघाली आहे. ती नीट पाळली जावी, ही मागणी माझीही आहे. पण कायद्याच्या मराठी पुस्तकात कलम ९ चं नाव बघा: 'दाम्पत्य हक्कांचे प्रत्यास्थापन'. त्या पॅकिंगवाल्या बाईला मी हे वाचून दाखवलं असतं तर ती आणखी एक रात्र झोपली नसती. आणि मराठीत तरी सगळे शब्द कुठे निर्मळ आहेत? साक्ष फिरवणाऱ्या साक्षीदाराला इंग्रजीत 'होस्टाइल' म्हणतात, म्हणजे वैरभाव असलेला. आपण त्याला 'फितूर' म्हणतो. सासरच्यांनी मुलं ओढून नेली, भावानं दार बंद केलं, म्हणून जी बाई कोर्टात "मला काही आठवत नाही" म्हणते, ती फितूर? कोणाला फितूर? आमच्या केंद्राच्या नोंदीत हा शब्द मी बंद केला. आम्ही लिहितो, 'दबावाखाली साक्ष बदलली'.

उलट 'पोटगी' हा शब्द मला आवडतो. इंग्रजीतला 'अ‍ॅलिमनी'ही खाऊ घालणं या अर्थाच्या लॅटिन धातूवरूनच आला आहे, पण 'पोटगी'त पोट थेट दिसतं. अडचण एवढीच की कोर्टात समोरचे वकीलही पोटाएवढाच हिशेब करतात. खोलीचं भाडं, शाळेची फी, दवाखाना हे त्यात मागायचं असतं, हे बायकांना वेगळं सांगावं लागतं.

आमच्या भागात तर मराठी हीसुद्धा एकच भाषा नाही. डहाणू, तलासरी, जव्हारकडून येणाऱ्या बाईची वारली बोली वेगळी. एमआयडीसीच्या चाळींत हिंदी, भोजपुरी, उडिया. २०१४ मध्ये पालघर जिल्हा वेगळा झाला, कार्यालयं ठाण्याहून जवळ आली, कागदाची भाषा मात्र जवळ आली नाही. शिवाय न वाचता येणाऱ्या कागदावर अंगठा देण्याचा परिणाम या मातीला चांगला ठाऊक आहे. १९४५ मध्ये गोदावरी परुळेकरांबरोबर वारली उठले ते ज्या वेठीविरुद्ध आणि लग्नगडीच्या गुलामीविरुद्ध, तिच्या मुळाशी सावकाराचं कर्ज होतं, आणि त्या कर्जाचा हिशेब सावकाराच्याच वहीत असायचा.

मग करायचं काय? आमच्यातली एक जुनी कार्यकर्ती म्हणते, "वकील कशाला आहेत? बायकांना सगळे शब्द शिकवत बसलात तर मोर्चा कधी काढणार?" तिचं म्हणणं मी हसण्यावारी नेत नाही, वेळ खरंच कमी असतो. पण वकील रोज बरोबर नसतो. पट्टेवाला नाव पुकारतो तेव्हा बाई एकटी असते, आणि तिच्या कानावर इंग्रजीच पडतं. आपल्या कोर्टात अर्जाला उत्तर देण्याला 'से देणं' म्हणतात. एकीला बाहेर सांगितलं, "से दिला नाही तर एकतर्फी होईल." ती धावत केंद्रात आली. "ताई, शे द्यायचाय म्हणतात. किती शे?" दोनशे रुपये तिनं रुमालात बांधूनही आणले होते. म्हणून मला वाटतं, इंग्रजी आवाज तिच्या ओळखीचा हवा आणि अर्थ तिच्या बोलीतला. शुद्ध मराठी प्रतिशब्द पाठ करून तिचं काम भागणार नाही.

मंगळवारी आम्ही एक वही चालवतो. डाव्या पानावर कागदात आलेला शब्द, जसा ऐकू येतो तसा. उजव्या पानावर त्याचा अर्थ, जो बैठकीतल्या बायकांनी आपल्या वाक्यात सांगितला असेल तोच. वकील मैत्रीण तो तपासते, चूक असेल तर पुन्हा चर्चा होते. 'एक्स-पार्टे'पुढे लिहिलंय: 'तू गेली नाहीस, त्याचंच ऐकून निकाल दिला.' 'फुल अँड फायनल'पुढे: 'यानंतर कंपनीकडे काही मागणार नाही, असं तू लिहून देतेस.' सही करण्याआधी बाईनं कागदाचा मतलब स्वतःच्या तोंडानं सांगायचा, असा नियम आहे. तिला सांगता आला नाही तर आमचं समजावणं कमी पडलं असं धरतो.

या वहीत आमचेही शब्द आले आहेत, ते जरा झोंबतं. एकीनं विचारलं, "ताई, तुम्ही 'केस'ची मीटिंग आहे म्हणता, ती केस म्हणजे मीच ना?" 'फॉलो-अप', 'बेनिफिशियरी', 'एम्पॉवरमेंट' हे शब्द देणगीदारांच्या फॉर्ममधून आपल्या तोंडात आले, आणि आपण ते वस्तीत जसेच्या तसे नेले. 'काउन्सेलिंग'पुढे बायकांनी लिहिलंय, 'ताई ऐकून घेतात.' मला यात भर घालायची होती, म्हणून तासभर वाद घातला. त्यांनी बदलू दिलं नाही.

पॅकिंगवाल्या बाईनं आपला से दिला. मराठीत लिहिलेला, आणि पहिलं वाक्य तिचं आहे: मी घर सोडलेलं नाही, मला काढलं आहे. नवऱ्यानं मारलं कधी, काढलं कधी, मुलीच्या दवाखान्याचा खर्च कोणी केला, हे तारखांसकट पुढे आहे. स्वतंत्रपणे पोटगीचा अर्जही टाकला आहे. सुपरवायझरला तिनं कागदाचा खरा अर्थ सगळ्या लाइनसमोर सांगितला, असं तिच्या मैत्रिणीकडून कळलं.

तुमच्या भागातल्या बायकांनी कोर्टात, ठाण्यात, दवाखान्यात ऐकलेले असे शब्द असतील, आणि त्यांनी केलेले अर्थही असतील. ते या अंकाच्या पत्त्यावर जरूर पाठवा. 'विदाउट प्रेज्युडिस' हा शब्द आमच्या वहीत तीन मंगळवार झाले तरी अडून बसलाय, त्याचं कोणी काही केलं असेल तर आधी तेच कळवा.